साठ संगणक, एक सर्व्हर आणि उपटलेली इंटरनेटची वायर: लॅबमध्ये परीक्षा अशी घ्या

लॅबमध्ये संगणकावर परीक्षा म्हटली की प्राचार्यांपासून शिपायांपर्यंत सगळे एकच विचारतात, “कॉपी कशी थांबवणार?” माझा पहिला प्रश्न वेगळा असतो. पंचेचाळिसाव्या मिनिटाला लाइट गेली, तर मुलांनी दिलेली उत्तरं कुठे असतील? कॉपी करणारा एखादा सापडला तर त्या एकट्याचं प्रकरण होतं. साठ जणांची उत्तरं गेली तर अख्खी परीक्षा पुन्हा घ्यावी लागते, आणि दोन एसट्या बदलून आलेल्या मुलीला “उद्या परत ये गं” म्हणायला जीभ रेटत नाही. म्हणून खालचा क्रम तसाच आहे. आधी उत्तर टिकलं पाहिजे, मग ते कोणी, कुठे बसून दिलं ते दाखवता आलं पाहिजे, आणि कॉपीचं त्यानंतर.

मी तालुक्याच्या गावातल्या एका सीनियर कॉलेजची संगणक लॅब सांभाळते. अंतर्गत परीक्षा आणि सर्टिफिकेट कोर्सच्या चाचण्या आम्ही मूडल या शिकवण्याच्या आणि परीक्षा घेण्याच्या सॉफ्टवेअरवर घेतो. मूडल फुकट आहे, 2002 पासून चालत आलंय, आणि मुख्य म्हणजे त्याला इंटरनेट लागत नाही. लॅबमधल्या एका संगणकावर, म्हणजे सर्व्हरवर, बसवलं की बाकीचे संगणक लॅनवरून, म्हणजे लॅबच्या आतल्या नेटवर्कवरून, त्याच्याशी बोलतात. सोबत सेफ एक्झाम ब्राउझर, म्हणजे एसईबी. तोही फुकट. झुरिकच्या ईटीएच विद्यापीठात तयार झालेला हा ब्राउझर परीक्षा चालू असेपर्यंत विंडोजचा बाकी सगळा पसारा झाकून टाकतो. मूडल 3.9 पासून त्याची जोडणी मूडलमध्येच आलेली आहे, वेगळं प्लगइन शोधायला नको.

सर्व्हर

सर्व्हर म्हणजे काचेचं कपाट आणि गार खोली असं काही लागत नाही. आय-फाइव्ह प्रोसेसर, 16 जीबी रॅम आणि एसएसडी असलेला साधा डेस्कटॉप साठ मुलांना पुरतो. मूडलचा ढोबळ हिशोब एका जीबीला एकाच वेळी 10 ते 20 जण असा आहे. हार्ड डिस्क मात्र जुनी फिरणारी नको. सगळी मुलं एकदम ‘सुरू करा’ दाबतात तेव्हा तिला दम लागतो.

त्यावर उबुंटू या लिनक्सची एलटीएस, म्हणजे दीर्घकाळ अपडेट मिळणारी आवृत्ती, आणि मूडलला लागणारी तीन सॉफ्टवेअर्स: वेब सर्व्हर अपाची, डेटाबेस मारियाडीबी आणि पीएचपी ही भाषा. बरेच जण विंडोजवर एक्झॅम्प, म्हणजे या तिन्हींचं एकत्र पॅकेज, टाकून मोकळे होतात. शिकायला ते छान आहे, परीक्षेला नाही, कारण त्यात डेटाबेसच्या मुख्य खात्याला मुळात पासवर्डच नसतो.

मूडल बसवताना पत्ता विचारला जातो तिथे ‘लोकलहोस्ट’, म्हणजे ‘हाच संगणक’, असं लिहू नका. सर्व्हरवर सगळं झकास दिसेल आणि शेजारच्या संगणकावर पानच उघडणार नाही. सर्व्हरला आधी कायमचा आयपी, म्हणजे नेटवर्कवरचा पत्ता, द्या, समजा 192.168.50.10, आणि मूडलच्या कॉन्फिग फाइलमध्ये तोच घाला. हा आयपी परत कधी बदलायचा नाही.

दुसरी दुर्लक्षित गोष्ट म्हणजे क्रॉन, सर्व्हरवर ठरलेल्या वेळी आपोआप कामं चालवणारी सोय. हे दर मिनिटाला चाललं पाहिजे. वेळ संपल्यावर समोर उघडं असलेलं पान आपोआप जमा होतं, पण ज्याचा संगणक मध्येच बंद पडला त्याचा पेपर क्रॉनच जमा करून घेतं. क्रॉन बंद असेल तर असे पेपर ‘अपूर्ण’ म्हणून लोंबकळत राहतात आणि मुलगा म्हणतो, “मॅडम, मी तर सगळं सोडवलं होतं.” आणि तो खरं बोलत असतो.

घड्याळ बघा. इंटरनेट नसलं की सर्व्हर स्वतःच्या घड्याळावर चालतो, आणि मदरबोर्डवरचा गोल सेल संपला असेल तर ते घड्याळ भलतंच साल दाखवतं. मुलांच्या संगणकांचं घड्याळ मागेपुढे असलं तरी परीक्षेची वेळ बिघडत नाही, कारण वेळ सर्व्हर मोजतो. पण तुम्ही एचटीटीपीएस, म्हणजे कुलूपबंद जोडणी, वापरत असाल, आणि वापराच, नाहीतर पासवर्ड वायरीवरून उघडे जातात, तर सेल संपलेल्या संगणकाला त्यासाठी लागणारं तुमच्या सर्व्हरचं ओळख-प्रमाणपत्र ‘अजून लागू झालेलं नाही’ असं वाटतं आणि पान अडतं. प्रमाणपत्र घरचंच बनवायचं आणि त्याचं मूळ (रूट) प्रमाणपत्र प्रत्येक संगणकात आधी बसवायचं. लाल इशारा आला की ‘तरीही पुढे जा’ दाबायची सवय मुलांना लावू नका.

आता वीज. सर्व्हर यूपीएसवर असतो. सगळ्या संगणकांच्या वायरी जोडणारा नेटवर्कचा स्विच नसतो. तो भिंतीवर वर कुठेतरी टांगलेला, साध्या प्लगवर. लाइट गेली की सर्व्हर जिवंत, संगणक जिवंत, आणि मधला स्विच मेलेला. पहिलं काम, स्विचची पिन यूपीएसच्या बोर्डात लावा.

नेटवर्क

सगळ्यात जास्त वेळ मी इथे घालवते, आणि तुम्हीही घालवा. परीक्षेच्या दिवशी राउटरमधली इंटरनेटची वायर मी हाताने उपटते आणि माझ्या टेबलच्या खणात ठेवते. सॉफ्टवेअरमधून बंद केलेलं इंटरनेट कोणीतरी सॉफ्टवेअरमधूनच चालू करू शकतं. लॅबमध्ये वायफाय नको. डोंगल काढून घ्या, आणि संगणकात आतच वायफाय कार्ड असेल तर बायोसमधून, म्हणजे विंडोज सुरू व्हायच्या आधीच्या सेटिंगमधून, बंद करून बायोसला पासवर्ड लावा. यूएसबीच्या वायरने फोन जोडला की संगणकाला फोनचं नेट मिळतं, हे मुलांना आपल्याआधी ठाऊक असतं. त्यासाठी उपाय एकच, फोन दप्तरात आणि दप्तरं लॅबच्या बाहेर.

प्रत्येक संगणकाला ठरलेला आयपी द्या आणि तो बाकाच्या क्रमांकाशी जुळवा. आमच्याकडे 1 क्रमांकाच्या संगणकाला 192.168.50.101, 23 क्रमांकाला 192.168.50.123, साठाव्याला 192.168.50.160. आयपी वाटणाऱ्या डीएचसीपी सर्व्हरमध्ये प्रत्येक संगणकाचा मॅक पत्ता, म्हणजे नेटवर्क कार्डाचा स्वतःचा क्रमांक, एकदा टाकून ठेवला की तोच आयपी कायम मिळतो. मॉनिटरच्या वरच्या कोपऱ्यात क्रमांकाचं स्टिकर. हे दुपारभराचं कंटाळवाणं काम आहे, पण नंतर मूडलच्या लॉगमध्ये, म्हणजे आपोआप होणाऱ्या नोंदींत, कोणत्या आसन क्रमांकाने कोणत्या आयपीवरून उत्तर दिलं ते दिसतं, आणि तो आयपी म्हणजे थेट बाक. एकाच खात्यात दोन आयपींवरून उत्तरं आली असतील तर विचारायला जागा राहते. मुलांचं विंडोज खातं साधं ठेवा, ॲडमिन नको, म्हणजे आयपी बदलता येत नाही.

मग मूडलच्या क्विझमध्ये ‘नेटवर्क पत्ता’ असा रकाना असतो, त्यात 192.168.50.101-160 एवढंच लिहायचं. स्टाफरूममधून, ऑफिसमधून, ग्रंथालयातून ती परीक्षा उघडणारच नाही. काही जण ‘192.168.’ एवढंच लिहितात. मग अख्खं कॉलेज आत येतं.

संगणकांनी एकमेकांशी बोलायची काही गरज नाही. मुलं फोल्डर शेअर करून त्यात उत्तरांची फाइल टाकतात, आणि पर्यवेक्षकाला वाटतं पोरगं किती मन लावून वाचतंय. चांगल्या स्विचमध्ये पोर्ट आयसोलेशन असतं. ते चालू केलं की प्रत्येक पोर्टला फक्त सर्व्हरकडे जाणारी वाट उरते, शेजारचा संगणक दिसेनासा होतो. साठ संगणकांसाठी तीन स्विच असतील तर मधल्या मुख्य स्विचवरही हेच करा, नाहीतर एका स्विचवरचा दुसऱ्या स्विचवरच्याला गाठतो. साधा, सेटिंग नसलेला स्विच असेल तर निदान विंडोजमधलं फाइल शेअरिंग बंद करा.

सेटिंगवाल्या स्विचचा आणखी एक फायदा. लॅब झाडताना लोंबणारी वायर दिसली की कोणीतरी चांगल्या मनाने तिचं मोकळं टोक जवळच्या रिकाम्या भोकात खोचतं. वायरीची दोन्ही टोकं एकाच स्विचमध्ये गेली की नेटवर्क गोल गोल फिरायला लागतं आणि सगळं ठप्प. ओळखायची खूण अशी की स्विचवरचे सगळे दिवे एकाच तालात, न थांबता लुकलुकतात. स्विचमधलं लूप रोखण्याचं सेटिंग चालू असेल तर तो ते भोक आपणहून बंद करतो. आमच्या शिपाई मामांना मी सांगून ठेवलंय, “मामा, वायर लोंबत असली तरी लोंबू दे.”

दुरून संगणक चालवण्याची सॉफ्टवेअर्स, एनीडेस्क, टीमव्ह्यूअर वगैरे, शोधून काढून टाका आणि विंडोजचं रिमोट डेस्कटॉप बंद करा. लॅबचा हार्डवेअरवाला सोयीसाठी ती टाकून ठेवतो. 2021 च्या जेईई मेनमध्ये सोनिपतच्या एका केंद्रावरचे संगणक बाहेरून चालवून पेपर सोडवल्याचा आरोप सीबीआयने ठेवला होता, तोही याच वाटेचा. 21 जून 2024 पासून लागू झालेल्या केंद्राच्या परीक्षा-गैरप्रकारांविरुद्धच्या कायद्यात संगणक आणि नेटवर्कमध्ये ढवळाढवळ करणं हा स्पष्ट गुन्हा आहे. आपली अंतर्गत परीक्षा त्या कायद्यात बसत नाही, पण वाटा त्याच आहेत.

मुलांचे संगणक

मूडलमध्ये क्विझच्या सेटिंगमध्ये एसईबी ‘सक्तीचा’ करा आणि त्याची रचना मूडलमधूनच करू द्या. मग दुसऱ्या ब्राउझरने कोणी आलं, किंवा एसईबीची रचना बदलून आलं, तर मूडल दारातच अडवतं. बाहेर पडण्याचा पासवर्ड ठेवा आणि तो मुलांना ऐकू जाईल असा ओरडून सांगू नका. दुसरा मॉनिटर चालू द्यायचा नाही, हेही सेटिंग आहे. एसईबी विंडोज, मॅक आणि आयपॅडवर चालतो, लिनक्सवर नाही, हे लॅबचे संगणक घेण्याआधी लक्षात ठेवा.

एसईबी चालू असताना संगणक हँग झाला आणि तुम्ही बटण दाबून बंद केला, तर कधीकधी पुन्हा सुरू झाल्यावरही टास्क मॅनेजरसारख्या गोष्टी बंदच राहतात. एसईबीसोबतच रीसेट करायचं छोटं साधन येतं, ते चालवा. विंडोज नव्याने टाकायला बसू नका.

पेनड्राइव्ह बंद करायला विंडोजच्या रजिस्ट्रीमध्ये, म्हणजे सेटिंगच्या साठ्यात, यूएसबीस्टोर या नोंदीचा ‘स्टार्ट’ आकडा 3 चा 4 करायचा. कीबोर्ड-माउस चालूच राहतात, फक्त साठवणुकीची साधनं उघडत नाहीत. परीक्षा झाली की पुन्हा 3.

आणि मराठी टायपिंग. दीर्घोत्तरी प्रश्न असेल तर हे आदल्या दिवशीच बघा. ब्राउझरमधलं गूगलचं टायपिंग इंटरनेट उपटल्यावर चालत नाही, आणि भाषा बदलायची विंडोजची बटणं एसईबीत दबतीलच असं नाही. विंडोजमध्ये मराठी कीबोर्ड आधी घालून ठेवा आणि एसईबीच्या सेटिंगमध्ये खालच्या पट्टीवर कीबोर्ड बदलायचं चिन्ह दिसू द्या. इनस्क्रिप्ट, म्हणजे भारतीय भाषांची ठरलेली कीबोर्ड मांडणी, न येणाऱ्या मुलाला ऐन परीक्षेत ते शिकवता येत नाही. अशांसाठी मी दीर्घोत्तरी भाग कागदावरच ठेवायला सांगते. त्यात कमीपणा काही नाही.

प्रश्न

प्रश्नपेढीबद्दल फार सांगत नाही, ते शिकवणाऱ्यांचं काम आहे. प्रत्येक घटकाची वेगळी पेढी, त्यातून प्रत्येकाला वेगळे प्रश्न, पर्यायांची अदलाबदल, एवढं केलं की शेजाऱ्याच्या पडद्यावर डोकावून काही हाती लागत नाही. ‘मागच्या प्रश्नावर जाता येणार नाही’ हे सेटिंग मात्र मी लावू देत नाही. अवघड प्रश्न सोडून पुढे जायचं आणि शेवटी परत यायचं, असंच आपण मुलांना पहिलीपासून शिकवलंय.

अडचण येते ती प्रश्न आत घेताना. मराठीचे सर शंभर प्रश्नांची फाइल घेऊन आले. मूडलने एकही घेतला नाही.

“मॅडम, तुमच्या सॉफ्टवेअरला मराठीचं वावडं आहे का?”

“सर, मराठीचं नाही. तुमच्या ‘अ, ब, क, ड’चं आहे.”

एकेन नावाच्या सोप्या साच्यात प्रश्न एका ओळीत लिहायचा, मध्ये एंटर मारायचा नाही. त्याखाली पर्याय, आणि त्यांची अक्षरं इंग्रजी मोठी ए, बी, सी, डी, प्रत्येकापुढे कंस किंवा टिंब आणि मग एक मोकळी जागा. शेवटी ‘आन्सर’ हा शब्द इंग्रजी मोठ्या अक्षरांत, त्यापुढे इंग्रजी कोलन (:) आणि बरोबर पर्यायाचं अक्षर. प्रश्न आणि पर्यायांचा मजकूर खुशाल मराठीत. सरांनी पर्याय अ, ब, क, ड असे घातले होते, काही प्रश्न दोन ओळींत मोडले होते, आणि अर्धी फाइल श्रीलिपीत टाइप केलेली होती. श्रीलिपीसारख्या जुन्या फाँटमधला मजकूर मूडलमध्ये चित्रविचित्र इंग्रजी अक्षरं होऊन येतो. तो आधी युनिकोडमध्ये बदलून घ्यावा लागतो, आणि बदलल्यावर जोडाक्षरं आणि रफार डोळ्यांनी तपासावे लागतात. नोटपॅडमध्ये जतन करताना यूटीएफ-8 निवडा. एएनएसआय राहिलं तर अख्खी मराठी प्रश्नचिन्हांत जमा होते.

परीक्षेचा दिवस

आदल्या दिवशी साठही संगणकांवर एकदम रंगीत तालीम घ्या. पाच संगणकांवर घेतलेली तालीम काही सांगत नाही.

वापरकर्त्याचं नाव म्हणजे आसन क्रमांक, पासवर्ड संगणकाने काढलेला. जन्मतारीख पासवर्ड म्हणून कधीही नको, वर्गातल्या अर्ध्या मुलांना एकमेकांचे वाढदिवस पाठ असतात. पासवर्डच्या चिठ्ठ्या छापून, कापून, आत आल्यावर ओळखपत्र बघून हातात द्यायच्या आणि जाताना परत घ्यायच्या. मुलं दहा मिनिटं आधी लॉगिन करून बसतात. परीक्षेचा पासवर्ड वेगळा असतो, तो बंद पाकिटातून परीक्षाप्रमुख आणतात आणि वेळ झाली की फळ्यावर लिहितात. असं केलं की लॉगिनचा आणि सुरू करण्याचा भार सर्व्हरवर एकाच क्षणी पडत नाही. सर्व्हरचा पासवर्ड माझ्याकडे, पेपरचा पासवर्ड त्यांच्याकडे. दोन्ही एका माणसाकडे नकोत, तो माणूस कितीही भला असला तरी. पर्यवेक्षकाला मूडलचे ॲडमिन हक्क द्यायचे नाहीत, त्यांना त्याचा उपयोगही नसतो.

मूडल उत्तरं साधारण दर मिनिटाला आपणहून साठवतं आणि पान बदललं की लगेच. म्हणून एका पानावर पाचेक प्रश्न ठेवा, पन्नास नव्हे.

एखादा संगणक बंद पडला तर त्याच्याशी झटापट करू नका. मुलाला राखीव संगणकावर बसवा. साठ जागांच्या लॅबमध्ये मी सत्तावन्न मुलांनाच बसवते, उरलेले तीन यासाठी. त्याच नावाने लॉगिन केलं की पेपर जिथे होता तिथून पुढे सुरू होतो. बाक बदलल्याची वेळ आणि कारण वहीत लिहून त्या मुलाची सही घ्या, कारण लॉगमध्ये आता दोन आयपी दिसणार आहेत. मूडलचं घड्याळ मात्र या धावपळीत थांबत नाही. वाया गेलेली मिनिटं त्या मुलाला ‘ओव्हरराइड’मधून वाढवून द्यायची, आणि त्याची वेळ संपायच्या आत द्यायची. मग त्याला पान एकदा रिफ्रेश करायला सांगा, नवी वेळ दिसते. सगळ्या लॅबची वीज गेली असेल तर सगळ्यांचा एक गट करून गटालाच वेळ वाढवा. साठ वेळा तेच टाइप करत बसलात तर शेवटच्या मुलापर्यंत पोचेतो त्याचा पेपर जमा झालेला असेल.

दर दहा मिनिटांनी डेटाबेसची प्रत आपोआप दुसऱ्या संगणकावर जाईल अशी सोय करा. तो दुसरा संगणक म्हणजे तयार ठेवलेला राखीव सर्व्हर, तीच उबुंटू, तेच मूडल. मुख्य सर्व्हर गेला तर त्याची वायर काढायची, राखीवला 192.168.50.10 हा आयपी द्यायचा, शेवटची प्रत चढवायची. मुलांचं जास्तीत जास्त दहा मिनिटांचं काम जातं, आणि तेवढी वेळ वाढवून देता येते. हे सगळं एकदा रिकाम्या लॅबमध्ये करून बघा, हातात घड्याळ धरून.

पेपर संपल्यावर

शेवटचा मुलगा बाहेर पडला की आधी डेटाबेसची पूर्ण प्रत काढायची, निकाल बघण्याच्या आधी. त्या फाइलचा एसएचए-256 हॅश काढायचा. ही 64 अक्षरांची ओळ असते. फाइलमधला एक स्वल्पविराम बदलला तरी ती ओळ पार बदलते. मी ती ओळ छापते, त्याच कागदावर परीक्षाप्रमुख, पर्यवेक्षक आणि माझी सही, खाली तारीख आणि वेळ. कागद ऑफिसच्या कपाटात, फाइल दोन पेनड्राइव्हवर, एक प्राचार्यांकडे, एक परीक्षा विभागात. पुढे कोणी “गुण मागाहून बदलले” म्हणालं, तर फाइलचा हॅश पुन्हा काढायचा आणि कागदाशी एकेक अक्षर जुळवायचं. हा कागद मुलाच्या बाजूनेही उभा राहतो आणि माझ्याही.

लॉग वेगळा उतरवून ठेवा. कोणत्या आयपीवरून किती वाजता लॉगिन झालं, कोणाला किती वेळ वाढवून दिली, कोणी दिली, सगळं त्यात असतं. बाक बदलल्याच्या वहीचं पान त्यालाच जोडायचं.

मग क्विझ बंद करा, यूएसबीस्टोरचा आकडा 3 करा, एसईबी अडकलेले संगणक रीसेट करा, आणि खणातली वायर काढून राउटरला लावा. दुपारी टॅलीची बॅच असते, आणि त्यांना नेट लागतं.